५० लाखांचं कर्ज, १ कोटी ४ लाखांची फेड: गृहकर्ज खरोखर कितीला पडतं?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे काही चुकत असेल तर सांगता येईल. घर ६५ लाखांचं. पदरचे १५ लाख, कर्ज ५० लाख. बँकेने ८.५ टक्के बदलता व्याजदर आणि २० वर्षांची मुदत सांगितली, हप्ता ४३,३९१ रुपये. परतफेडीच्या तक्त्याच्या तळाशी व्याजाची बेरीज ५४ लाख १४ हजार दिसली आणि तुम्ही हबकलात. घरचे म्हणतात भाड्यानेच राहा. बँकेतला माणूस म्हणतो ३० वर्षं घ्या, हप्ता ३८,४४६ वर येईल. दोघांचा मिळून पगार हातात दीड लाख. आणि तुम्ही विचारताय, हे घर आम्हाला खरंच १ कोटी १९ लाखांना पडणार का?

मी बरीच वर्षं बँकेच्या कर्जविभागात काढली आणि आता कर्जदारांच्या बाजूने हेच कागद वाचतो. या अनुभवावरून सांगतो: तक्त्यातला तो ५४ लाखांचा आकडा खोटा नाही, पण तुम्ही शेवटी नेमके तेवढेच भराल असं जवळपास कधीच होत नाही. कुणी त्याच्या दीडपट भरतो, कुणी निम्म्यात सुटतो. दोघांचा व्याजदर एकच असू शकतो. फरक पडतो तो मुद्दल किती काळ डोक्यावर राहिलं याने.

व्याज म्हणजे बँकेच्या पैशाचं भाडं, आणि ते दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं. पहिल्या महिन्यात ५० लाखांवर ८.५ टक्क्यांनी ३५,४१७ रुपये व्याज होतं. तुमच्या ४३,३९१ मधले उरलेले ७,९७४ रुपये तेवढे मुद्दलात जातात. पहिल्या वर्षात तुम्ही ५ लाख २१ हजार भरता आणि कर्ज कमी होतं जेमतेम १ लाखाने. पाच वर्षांनी २६ लाख भरून झालेले असतात, तरी ४४ लाख बाकी असतात. दहा वर्षं झाली, अर्धी मुदत संपली, तरी ३५ लाख शिल्लक. निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात.

‘बँक आधी व्याज काढून घेते’ असं लोक चिडून म्हणतात. त्यात बँकेची लबाडी काही नाही. समान हप्त्याचं गणितच असं चालतं: शिल्लक जास्त, म्हणून व्याज जास्त, म्हणून मुद्दलाला कमी उरतं. पण याचा एक परिणाम लक्षात ठेवा. पाच-सहा वर्षांत बदली होईल, घर विकावं लागेल अशी शक्यता असेल, तर २० वर्षांच्या बेरजेचा तुम्हाला काही उपयोग नाही. तुमच्यासाठी पहिल्या पाच-सहा वर्षांचं व्याज हाच खर्च, आणि सगळ्यात जास्त व्याज त्याच वर्षांत जातं.

आता ५४ लाखांकडे. या बेरजेत आजचे ४३,३९१ आणि १९ वर्षांनंतरचे ४३,३९१ एकाच भावाने मोजलेत. महागाई सरासरी ५ टक्के धरली (रिझर्व्ह बँकेचं लक्ष्य ४ टक्क्यांचं आहे, वर-खाली २ टक्क्यांची मोकळीक), तर २० वर्षांच्या सगळ्या हप्त्यांची आजच्या रुपयांतली किंमत होते सुमारे ६५ लाख ७५ हजार. म्हणजे ५० लाख वापरायचं आजच्या पैशातलं मोल साधारण पावणेसोळा लाख. आकडा एकदम माणसात आला ना?

हाच हिशेब ३० वर्षांना लावा. साध्या बेरजेत व्याज ८८ लाख ४० हजार, म्हणजे २० वर्षांपेक्षा ३४ लाख जास्त. आजच्या रुपयांत मात्र एकूण फेड ७१ लाख ६० हजारांच्या आसपास, म्हणजे फरक सहा लाखांचा. बँकेतला माणूस तुम्हाला जे सांगतोय ते या अर्थाने अगदीच वावगं नाही. पण महागाईचा हा दिलासा त्यालाच मिळतो ज्याचा पगार महागाईबरोबर वाढतो, आणि ज्याने हप्त्यात वाचलेले ४,९४५ रुपये दर महिन्याला खरोखर कुठेतरी गुंतवले. माझ्या पाहण्यात असे लोक फार थोडे आहेत. बाकीच्यांचे ते पैसे मोठ्या गाडीच्या हप्त्यात जातात. शिवाय तुमचं वय सांगितलेलं नाही. पस्तिशीत ३० वर्षांचं कर्ज घेतलं तर शेवटची काही वर्षं पेन्शनमधून किंवा भविष्यनिर्वाह निधीतून हप्ते भरावे लागतील, आणि तिथे पगारवाढीचा मुद्दाच संपतो.

इथपर्यंत दर स्थिर आहे असं धरलं. खरा खेळ पुढे आहे.

तुमचं कर्ज बदलत्या दराचं आहे. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या मानदंडाला जोडावी लागतात. बहुतेक बँकांनी रेपो दर घेतला आहे, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे उसने देते तो. तुमचा दर म्हणजे रेपो अधिक बँकेचा स्प्रेड (रेपोच्या वर बँक लावते ते टक्के), आणि हा दर निदान तीन महिन्यांतून एकदा बदलून लागू व्हायलाच हवा. गृहवित्त कंपन्यांना ही जोडणी बंधनकारक नाही. त्या स्वतःच्या मूळ दरावर चालतात. कंपनीकडून घेत असाल तर तिचा मूळ दर गेल्या पाच वर्षांत रेपोच्या मागे किती लवकर हलला, हे विचारून घ्या. चढताना लगबग आणि उतरताना सुस्ती दिसली की काय ते समजा.

मे २०२० ते मे २०२२ रेपो ४ टक्क्यांवर होता. तिथून फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५० वर गेला. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के. या काळात काय झालं ते तुमच्याच रकमेवर दाखवतो. समजा ५० लाखांचं कर्ज ६.७५ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतलं. हप्ता ३८,०१८. दोन वर्षांनी शिल्लक ४७ लाख ४७ हजार. सोयीसाठी धरू की त्या दिवशी दर एकदम ९.२५ झाला. आता महिन्याचं व्याजच ३६,५८८ रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाला उरतात १,४३० रुपये. उरलेली मुदत, जी १८ वर्षं असायला हवी होती, ती होते ४२७ महिने. पस्तीस वर्षांहून जास्त.

२०२३ मध्ये माझ्याकडे एक जोडपं असंच आलं होतं. हप्ता एकदाही चुकला नव्हता, रक्कमही पहिल्या दिवसापासून तीच, त्यामुळे त्यांना वाटत होतं सगळं ठीक आहे. बँकेच्या पत्रकात ‘उर्वरित हप्ते’ नावाचा एक छोटा रकाना असतो. तो त्यांनी उघडूनच पाहिला नव्हता. कर्ज घेतलं त्या दिवशी जेवढे हप्ते बाकी होते, त्यापेक्षा तिथे आता जास्त दिसत होते.

हप्ता तोच ठेवून मुदत वाढवणं बँकेलाही सोयीचं आणि कर्जदारालाही जाणवत नाही, म्हणून बहुतेक ठिकाणी आपसूक तेच व्हायचं. वरच्या उदाहरणात १८ वर्षांतच फेडायचं तर हप्ता ४५,१९० करावा लागला असता, महिन्याला ७,१७० रुपये जास्त. ते टाळलं आणि दर कायम तिथेच राहिला, तर एकूण फेडीत जवळपास ६५ लाखांचा फरक. प्रत्यक्षात दर तिथे कायम राहिला नाही. २०२५ च्या फेब्रुवारीपासून रेपो उतरू लागला आणि जूनमध्ये ५.५० वर आला. म्हणून ४२७ महिने हा आकडा शब्दशः घेऊ नका. पण चढाची जी दोन-अडीच वर्षं गेली, त्यात मुद्दल जवळजवळ हललंच नाही. पुढे दर कितीही उतरला तरी ती वर्षं परत मिळत नाहीत.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने यावर नियम केला. दर वाढला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की थोडं-थोडं दोन्ही, हे कर्जदाराला विचारायला हवं. मुदत इतकी ताणायची नाही की हप्त्यातून व्याजही सुटणार नाही. आणि दर तिमाहीला पत्रक द्यायचं, ज्यात आजवर वसूल झालेलं मुद्दल, व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर असेल. हे पत्रक हातात आलं की बाकी सगळं सोडून उरलेले हप्ते बघा. गेल्या पत्रकापेक्षा तीनने कमी हवेत. नसतील तर त्याच आठवड्यात शाखेत जाऊन हप्ता वाढवून घ्या. आणि दर उतरतील तेव्हा हप्ता कमी करून मागू नका. तोच भरत राहा.

स्प्रेडबद्दलही एक गोष्ट. नवं गिऱ्हाईक ओढायला बँका स्प्रेड कमी करतात. जुना कर्जदार मात्र जुन्याच स्प्रेडवर बसून राहतो. दीड-दोन वर्षांतून एकदा बँकेच्या जाहिरातीतला दर आणि तुमचा दर शेजारी ठेवून बघा. ४५ लाख बाकीवर अर्ध्या टक्क्याचा फरक म्हणजे पहिल्या वर्षातच सुमारे २२,५०० रुपये. आधी आपल्याच बँकेला लेखी विचारा. थोडी फी घेऊन ती दर बदलून देते. नाही म्हणाली तरच दुसरीकडे कर्ज हलवायचा विचार करा, कारण तिथे प्रोसेसिंग फी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, नव्या गहाणाचं मुद्रांक शुल्क हे सगळं नव्याने येतं. मुदत शेवटाकडे आली असेल तर या भानगडीत पडूच नका, तिथे वाचवायला व्याजच फारसं उरलेलं नसतं. आणि हलवताना मुदत पुन्हा २० वर्षं करून घेतली, तर कमी दरातही जास्त व्याज भराल.

किरकोळ वाटणाऱ्या खर्चांत मी फक्त एकावर थांबतो, कारण बाकीचे तुम्हाला अर्जाच्या वेळी दिसतीलच. कर्जाबरोबर एकरकमी हप्त्याची विमा पॉलिसी गळ्यात मारतात. समजा दीड लाखाची. ‘वेगळे पैसे द्यायचे नाहीत, कर्जातच बसवतो,’ असं सांगतात. कर्जात बसवलं की त्या दीड लाखावर २० वर्षं व्याज चढतं. महिन्याला १,३०० रुपये, एकूण ३ लाख १२ हजार. त्यातून दोन-चार वर्षांनी कर्ज दुसऱ्या बँकेत नेलंत, तर त्या पॉलिसीचं पुढे काय होतं हे तिच्या अटी वाचल्याशिवाय कळत नाही. विमा घ्याच, घरात कमावते दोघे असले तरी घ्या, पण साधा टर्म विमा बाहेरून आणि वर्षाच्या हप्त्याने. बँकेकडूनच घ्यावा असं बंधन नाही. शाखेत ‘मंजुरी अडकेल’ असं कुणी म्हणालं तर ते लेखी मागा. सहसा लेखी मिळत नाही.

बाकी, मुद्रांक शुल्क आणि नोंदणी कर्जाच्या हिशेबात धरत नाहीत, हे ठाऊक असू द्या. महाराष्ट्रात महापालिका हद्दीत शहरानुसार ६-७ टक्के मुद्रांक शुल्क आणि ३० हजार नोंदणी फी. तुमच्या घरावर हे ४ लाख २० हजार ते ४ लाख ८५ हजार होतात. तुमचे १५ लाख हे सोडून आहेत की धरून, हे तुम्ही लिहिलेलं नाही. धरून असतील तर कर्जाची रक्कम पुन्हा मांडावी लागेल, कारण ३० ते ७५ लाखांच्या कर्जात बँक घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच देऊ शकते. इमारत बांधकामाखाली असेल तर आणखी एक: ताबा मिळेपर्यंत फक्त उचललेल्या रकमेचं व्याज भरायचा पर्याय देतात. त्या काळात मुद्दल एका रुपयानेही कमी होत नाही, आणि बिल्डर रखडला तर घरभाडं आणि व्याज दोन्ही चालू राहतात. शक्य असेल तर पूर्ण हप्ताच सुरू करायला सांगा.

ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत मुख्य तथ्य विवरणपत्र द्यावं लागतं. त्यात फी वगैरे धरून होणारा वार्षिक दर छापलेला असतो. दोन बँकांची तुलना करायची तर त्या आकड्याची करा, जाहिरातीतल्या दराची नको.

आता मधेच पैसे भरण्याविषयी. वैयक्तिक नावावरच्या, बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी भरण्याचा दंड घेता येत नाही. बँकांना ही मनाई २०१२ पासून आहे. तुमच्याच कर्जात वर्षभराने २ लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर २१ महिने कमी होतात आणि व्याजाचे ७ लाख २९ हजार वाचतात. तेच २ लाख बाराव्या वर्षाअखेर भरले तर वाचतात १ लाख ८३ हजार. हे आकडे दाखवून लोक ‘आधी भरा, आधी भरा’ सांगतात. बरोबरच आहे, पण यात जादू नाही. दोन्ही वेळी तुमचे २ लाख ८.५ टक्क्यांनीच कामाला लागतात. पहिल्या वेळी ते जास्त वर्षं काम करतात, एवढंच. म्हणून प्रश्न असा विचारायचा: हे पैसे दुसरीकडे, कर वजा जाता, जोखमीचा विचार करून, ८.५ टक्क्यांहून जास्त देतील का? मुदत ठेव देणार नाही. शेअर बाजारातला फंड दीर्घ काळात देऊ शकतो, खात्रीने नाही. ज्याला बाजार पडला की झोप लागत नाही, त्याने कर्ज फेडावं. माझं मत विचाराल तर सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला असल्याशिवाय एक रुपयाही जादा भरू नका. कर्जात गेलेला पैसा नोकरी गेल्यावर परत मागता येत नाही. अपवाद ओव्हरड्राफ्ट स्वरूपाच्या गृहकर्जाचा. तिथे जादा रक्कम खात्यात ठेवली की तेवढ्यावर व्याज थांबतं आणि लागली तर काढता येते. त्याचा दर सहसा थोडा वर असतो, पण हातात शिल्लक राहणाऱ्याला तो परवडतो.

मोठी रक्कम एकदम भरण्यापेक्षा पगारदारांना मी दरवर्षी हप्ता ५ टक्क्यांनी वाढवायला सांगतो. पहिल्या वाढीला महिन्याला २,१७० रुपये जातात, फारसे जाणवत नाहीत. तुमचं २० वर्षांचं कर्ज असं साधारण १२ वर्षं २ महिन्यांत नील होतं आणि व्याज ५४ ऐवजी ३४-३५ लाखांवर येतं. वाढ मागताना अर्जात स्पष्ट लिहा: हप्ता वाढवावा, मुदत कमी करावी. नाहीतर जादा रक्कम आली की काही ठिकाणी मुदत तीच ठेवून पुढचा हप्ता कमी करतात.

करसवलतीवर फार विसंबू नका. राहत्या घराच्या व्याजावरची वर्षाला २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीत आहे. नव्या प्रणालीत राहत्या घराला ती नाही, आणि नवी प्रणाली आता आपोआप लागू होणारी आहे. तुम्ही दोघं कोणत्या प्रणालीत आहात यावर हे अवलंबून. सह-कर्जदार आणि सह-मालक दोघंही असाल तरच दोघांना वेगवेगळी वजावट मिळते.

आणि घरच्यांच्या ‘भाड्यानेच राहा’ला उत्तर देताना हप्ता आणि भाडं यांची तुलना करू नका. हप्त्यातला मुद्दलाचा भाग तुमच्याच घरात जातो. पहिल्या वर्षी व्याज महिन्याला सरासरी ३५,१०० आहे. त्यात सोसायटीचा मेंटेनन्स, मालमत्ता कर आणि तुमच्या १५ लाखांवर बुडणारं व्याज मिळवा, आणि ती रक्कम तशाच घराच्या भाड्याशी ताडून बघा. बहुतेक शहरांत पहिली काही वर्षं भाडं स्वस्त पडेल. पुढे भाडं दरवर्षी वाढतं आणि तुमचं व्याज घटतं, म्हणून तुम्ही तिथे किती वर्षं राहणार यावर उत्तर ठरतं. सात-आठ वर्षांच्या आत हलायचं असेल तर मी घाई करणार नाही.

तुमच्या आकड्यांवर थोडक्यात: दीड लाखात ४३ हजारांचा हप्ता म्हणजे तीस टक्क्यांच्या आत, झेपण्यासारखा आहे. मी २० वर्षांवरच सही करेन, विमा बाहेरून घेईन, पहिलं वर्ष आपत्कालीन रक्कम उभी करण्यात घालवेन आणि दुसऱ्या वर्षापासून हप्ता वाढवत नेईन. दोघांपैकी एकाचं उत्पन्न बेभरवशाचं असेल, व्यवसाय किंवा कंत्राटी नोकरी असेल, तर २५ वर्षं घेऊन स्वतःहून २० वर्षांचा हप्ता भरणं जास्त शहाणपणाचं. अडचण आली तर लहान हप्त्यावर परतायची सोय राहते आणि दंड काही नाही.

शेवटचा हप्ता गेला की बँकेने मूळ कागद ३० दिवसांत परत द्यायचे आहेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. डिसेंबर २०२३ पासूनचा हा नियम. कर्ज घेतानाच जमा केलेल्या कागदांची सही-शिक्क्याची यादी मागून घ्या आणि एक प्रत घराबाहेरच्या कुणाकडे ठेवा, कारण तेव्हा त्या शाखेत तुम्हाला ओळखणारं कुणी उरलेलं नसेल.